टोकन मेलं, की नुसतं नाहीसं झालं?

पांढराकाळा_डेक

मॅजिक: द गॅदरिंग हा पत्त्यांचा खेळ खेळणाऱ्यांना विचारायचं आहे. थोडं सविस्तर लिहिते, कारण बोर्डवर नेमकं काय होतं ते कळल्याशिवाय उत्तर देता येणार नाही.

शनिवारी रात्री जेवणं उरकल्यावर मावशीकडे मी आणि माझा मावसभाऊ खेळायला बसलो. मी त्याला दादा म्हणते. माझ्यापेक्षा चार वर्षांनी मोठा, हा खेळ मला त्यानेच शिकवला. माझा डेक (पत्त्यांचा संच) पांढरा-काळा आहे. लहान लहान क्रीचर (लढणारे प्राणी) काढायचे आणि ते मरतील तसतसं समोरच्याचं लाईफ ओढायचं, सगळी मदार त्यावरच. टोकन म्हणजे दुसऱ्या कार्डाच्या परिणामाने आलेलं, स्वतःचा पत्ता नसलेलं क्रीचर. त्यांची छापील कार्डं माझ्याकडे नाहीत, म्हणून मी चिंचोके वापरते. मावशीने हळदकुंकवाची जुनी स्टीलची डबी दिली आहे, तिच्यात ते ठेवते.

त्या वेळी माझ्याकडे ब्लड आर्टिस्ट, झुलापोर्ट कटथ्रोट (माझं क्रीचर मेलं की हे दोघेही समोरच्याचं एकेक लाईफ ओढतात) आणि लिंगरिंग सोल्स या कार्डातून निघालेले चार स्पिरिट टोकन होते. दोन स्पिरिट पहिल्यांदा टाकल्यावर आले, दोन फ्लॅशबॅकने, म्हणजे तेच कार्ड ग्रेव्हयार्डमधून (वापरलेल्या आणि मेलेल्या पत्त्यांच्या गठ्ठ्यातून) पुन्हा टाकून. चारही उडणारे, १/१ (ताकद एक, टफनेस एक). त्यांच्या हल्ल्यांनी दादाचं लाईफ ७ वर आलं होतं. आणखी कुठलं कार्ड फ्लॅशबॅकने येऊ नये म्हणून त्याने चार मॅना (कार्ड टाकण्याची किंमत) देऊन लेलाइन ऑफ द व्हॉइड टाकली, जी माझी कार्डं ग्रेव्हयार्डऐवजी एक्झाइलमध्ये, म्हणजे खेळाबाहेर, पाठवते. आणि पुढच्या टर्नला सगळे क्रीचर मारणारं डॅमनेशन. त्याच्या बाजूला एकही क्रीचर नव्हतं, म्हणजे मेलं ते सगळं माझंच.

मी मोजायला लागले तर तो म्हणाला, “थांब, टोकन म्हणजे कार्ड नव्हे. त्याला ग्रेव्हयार्ड नसतंच, ते हवेत विरतं. आणि तसंही माझी लेलाइन आहे, तुझं काहीच मरत नाही.” मी चार चिंचोके डबीत टाकले, दोन कार्डं एक्झाइलमध्ये ठेवली. पुढे तीन टर्नमध्ये हरले.

तेव्हापासून डोक्यात तेच घोळतंय. टोकन मेल्यावर ‘मरण पावलं की’वाले ट्रिगर (आपोआप घडणारे परिणाम) होतात का? लेलाइनचं काय? आणि ब्लड आर्टिस्ट स्वतःच त्याच क्षणी गेला, तर बाकीच्यांची मोजणी करणार कोण? दादा फसवणाऱ्यातला मुळीच नाही. नियम नीट समजून घेऊन मगच त्याच्याशी बोलायचं आहे.

जुनी_स्लीव्ह

ताई, तो डाव तुम्ही जिंकला होतात.

आधी ‘मरणं’ म्हणजे काय ते बघू. नियम ७००.४ प्रमाणे बॅटलफील्डवरून (बोर्डवरून) ग्रेव्हयार्डमध्ये गेलं की ते मेलं. एवढीच व्याख्या. ती वस्तू कार्ड हवी असं त्यात कुठेही नाही. टोकन डिस्ट्रॉय झालं की तेही खरोखर ग्रेव्हयार्डमध्ये जातं. तिथे पोचल्यावर, पुढच्या वेळी खेळ स्टेट-बेस्ड ॲक्शन (आपोआप होणाऱ्या साफसफाईचे नियम) तपासतो तेव्हा, त्याचं अस्तित्व संपतं (१११.७). पण ट्रिगर त्याच्या आधीच झालेला असतो. ट्रिगर स्टॅकवर (परिणामांच्या रांगेत) जाईपर्यंत टोकन कुठेच उरलेलं नसतं हे खरं, तरी ते मेल्याची नोंद झालेली असते. दादांना टोकन विरताना दिसलं ते बरोबर दिसलं, फक्त त्याच्या आधीची पायरी नजरेतून सुटली.

आता लेलाइन. ती जवळ असेल तर हातात घ्या आणि एक शब्द शोधा: ‘कार्ड’. तुमचं एखादं कार्ड ग्रेव्हयार्डमध्ये जाणार असेल तर ते एक्झाइल होईल, असं ती म्हणते. टोकन म्हणजे कार्ड नव्हे, हे नियम १०८.२ मध्ये स्पष्ट लिहिलं आहे. छापील टोकन वापरलं तरी नव्हे, चिंचोका वापरला तरी नव्हे. म्हणजे दादांचं पहिलं वाक्यच त्यांच्या दुसऱ्या वाक्याच्या आड येतं. टोकन कार्ड नाही, म्हणूनच लेलाइन त्याला अडवू शकत नाही.

तिसरा प्रश्न सगळ्यात चांगला विचारलात. बहुतेक ट्रिगर घटना घडून गेल्यावरचा बोर्ड बघतात. बॅटलफील्ड सोडून जाण्याचे ट्रिगर मात्र घटनेच्या आधीचा बोर्ड बघतात. डॅमनेशनने सगळे एकदम गेले. त्याच्या आदल्या क्षणी ब्लड आर्टिस्ट आणि कटथ्रोट दोघेही हजर होते, म्हणून सोबत गेलेल्या प्रत्येकाचं मरण त्यांना दिसतं. ते स्वतः एक्झाइलमध्ये गेले तरी दिसतं.

हिशोब करू. लेलाइन नसती तर सहा क्रीचर मेले असते. ब्लड आर्टिस्टचे ६ आणि कटथ्रोटचे ६, एकूण १२. लेलाइन असताना तुमची दोन कार्डं मेली नाहीत, एक्झाइल झाली. मेले फक्त चार स्पिरिट. म्हणजे ४ आणि ४, एकूण ८. दादा ७ वर होते. शिवाय प्रत्येक ट्रिगरला तुम्हाला एकेक लाईफ मिळालं असतं ते वेगळंच.

एक सावधगिरी. लेलाइनऐवजी रेस्ट इन पीस हे कार्ड असतं तर दादांचं म्हणणं खरं ठरलं असतं. त्याच्यावर ‘कार्ड किंवा टोकन’ असे शब्द आहेत. तिथे तुमचे स्पिरिटही थेट एक्झाइलमध्ये गेले असते आणि ट्रिगर एकही झाला नसता. काम दोन्ही कार्डांचं जवळपास एकच वाटतं, पण एका शब्दावर ८ चा शून्य होतो. या खेळात मला सगळ्यात जास्त आवडतं ते हेच.

मेंढ्या_चार

दादा आधी यू-गि-ओह! हा दुसरा पत्त्यांचा खेळ खेळायचे का? विचारतो, कारण मीही तिकडूनच आलो आणि हीच गोष्ट घेऊन आलो होतो.

तिकडे टोकन ग्रेव्हयार्डमध्ये जातच नाही. स्केपगोट टाकलं की चार मेंढी-टोकनं येतात. त्यातलं एक डिस्ट्रॉय झालं की फील्डवरून सरळ नाहीसं होतं. ‘ग्रेव्हयार्डमध्ये पाठवलं तर’ असा इफेक्ट त्याच्यावर लागू होत नाही, आणि ‘ग्रेव्हयार्डमध्ये पाठवा’ अशी किंमत टोकन देऊन चुकवताही येत नाही. म्हणजे दादांनी सांगितलेला नियम खोटा नाही, तो दुसऱ्या खेळाचा आहे. मला ही सवय सोडायला बरेच महिने लागले. बोलताना एवढं जरूर सांगा, म्हणजे त्यांना वाईट वाटणार नाही.

कोरा_पत्ता

वरचं सगळं बरोबर. माझी भर एवढीच, की आपल्या कार्डांवर ‘नॉनटोकन’ हा शब्द शोधत चला. मिडनाइट रीपर तुमचं नॉनटोकन क्रीचर मेलं तरच पत्ता देतो, स्पिरिट मेले तर काही नाही. जिथे नुसतं ‘क्रीचर’ लिहिलंय तिथे टोकन धरायचं. टोकनला वगळायचं असतं तेव्हा कार्ड तसं सांगतं.

आणि तुमच्या डेकसाठी एक सुचवतो: स्कलक्लॅम्प. ज्याला घालाल त्याला +१/-१, आणि तो मेला की दोन पत्ते. घालायला एक मॅना. १/१ स्पिरिटला घातला की तो २/० होतो, टफनेस शून्य म्हणून लगेच ग्रेव्हयार्डमध्ये जातो. इथे कोणी डिस्ट्रॉय केलेलं नसतं, तरी व्याख्येप्रमाणे तो मेलाच. एका मॅनात दोन पत्ते, वर ब्लड आर्टिस्टचा ट्रिगर. हे कार्ड २००४ मध्ये डार्कस्टील सेटमधून आलं आणि त्याच वर्षी जूनमध्ये स्टँडर्डमधून (स्पर्धांच्या एका प्रकारातून) बॅन झालं. टोकन ‘मरतं’ याची एवढी मोठी किंमत दुसऱ्या कुठल्या कार्डाने दाखवली असेल असं मला वाटत नाही. घरी खेळता तेव्हा मात्र दादांना आधी विचारून घाला.

पांढराकाळा_डेक

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री दादाला फोन केला. हो, तो कॉलेजात यू-गि-ओह! खेळायचा. मी ‘मेंढी-टोकन’ एवढंच म्हटलं आणि तो गप्प झाला. मग म्हणाला, “लेलाइन वाचून दाखव.” माझ्या फोनवर फोटो होता, वाचला. ‘कार्ड’ या शब्दावर त्याने मला थांबवलं आणि ८ हा आकडा स्वतःच सांगितला. मला इतकं बरं वाटलं! जिंकल्याचं नाही, तो आकडा त्याच्या तोंडून आला त्याचं.

आता एक शेवटची शंका. अनडाइंगवालं क्रीचर मेलं की +१/+१ काउंटर घेऊन परत येतं. त्याची टोकन-कॉपी केली तर?

जुनी_स्लीव्ह

ट्रिगर होईल, टोकन परतणार नाही. बॅटलफील्ड सोडलेलं टोकन पुन्हा कुठेच जाऊ शकत नाही (१११.८). ते मेल्याचं ब्लड आर्टिस्टला दिसेल, तेवढं पदरात घ्या. टोकन हातात परत पाठवलं किंवा एक्झाइल केलं तरी ते गेलंच, आणि तिथे तर मरणही नाही, कारण ग्रेव्हयार्ड लागलंच नाही.

एक सवय सांगतो, मी घरात मुलांना हीच लावली आहे. टोकन मेलं की चिंचोका सरळ डबीत टाकू नका. आधी तो ग्रेव्हयार्डच्या गठ्ठ्यावर ठेवायचा, ट्रिगर मोजायचे, मग उचलायचा.

पांढराकाळा_डेक

शनिवारी डबी टेबलाच्या माझ्या बाजूला नाही, ग्रेव्हयार्डच्या पलीकडे ठेवते. म्हणजे चिंचोक्याला वाटेत थांबावंच लागेल.