दुसरी व्हिजिट म्हणजे 'डी' असं नाही

मेडिकल कोडिंगमध्ये, म्हणजे पेशंटच्या निदानाला आयसीडी-१०-सीएम या यादीतला कोड देताना, फ्रॅक्चरच्या फॉलोअपला आफ्टरकेअरचा (उपचारानंतरच्या देखभालीचा) झेड कोड लावायचा नाही, हे या चर्चेत वर सांगितलंय ते बरोबरच. मूळ फ्रॅक्चरचाच कोड ठेवायचा आणि त्याचं सातवं अक्षर बदलायचं: मुख्य उपचार चालू असताना ए, ते झाल्यावर हाड नीट जुळत असताना डी. पण त्याच चर्चेतलं "पहिल्या व्हिजिटला ए, दुसरीपासून डी" हे पटलं नाही. आयसीडी-१०-सीएममध्ये व्हिजिट कितवी ते बघत नाहीत, उपचार कुठल्या टप्प्यावर आहेत ते बघतात. इमर्जन्सीतून स्लिंग बांधून पाठवलेला पेशंट पुढच्या आठवड्यात सर्जनकडे खांद्याचं ऑपरेशन ठरवायला आला, तर तिथेही 'ए'च लागतो.

आणखी एक मुद्दा अजून कुणी काढलेला नाही. सत्तरीच्या बाई चालता चालता घरातच पडल्या, डावा ह्युमरस (दंडाचं हाड) खांद्यापाशी मोडला आणि हिस्टरीत वयोमानाचा ऑस्टिओपोरोसिस (हाडं ठिसूळ होण्याचा आजार) आहे. अशा वेळी हात सवयीने एस४२.२ कडे, म्हणजे इजेने खांद्यापाशी मोडलेल्या ह्युमरसच्या कोडकडे जातो. पण तेवढ्या पडण्याने निरोगी हाड सहसा मोडलं नसतं, तर कोड एम८० (ऑस्टिओपोरोसिसमुळे झालेलं फ्रॅक्चर) मधला; इथे एम८०.०२२, आणि हाड नीट जुळत असताना फॉलोअपला एम८०.०२२डी. म्हणून नुसती फ्रॅक्चरची ओळ वाचून चार्ट बंद करू नका, औषधांची यादीही बघा. अलेंड्रोनेट (ऑस्टिओपोरोसिसवरचं औषध) दिसतंय पण ऑस्टिओपोरोसिसचा उल्लेख कुठेच नाही, तर डॉक्टरांना क्वेरी टाका (तसं विचारा), मनाने निदान जोडू नका. हाड उशिरा जुळतंय याचा जी किंवा जुळलंच नाही याचा के लावतानाही हेच. एक्स-रेच्या वर्णनावरून आपण ठरवायचं नाही, डॉक्टरांनी तसं लिहिलेलं हवं.