मदत हवी आहे : ‘स्टापेलरेख्ट’साठी मराठी शब्द

वेरा आणि फुल्डा या नद्या जिथे एकत्र येऊन वेझर नावाने पुढे वाहतात, त्या जर्मनीतील हान म्युंडेन या लहानशा गावाविषयी मी लेख लिहीत आहे. गावाची भरभराट ज्या ‘स्टापेलरेख्ट’मुळे झाली, तो अधिकार त्याला १२४७ साली मिळाला, त्यानुसार नदीमार्गे जाणाऱ्या व्यापाऱ्याला आपला माल इथे उतरवून, ठरावीक दिवस स्थानिकांसाठी विक्रीस ठेवल्याखेरीज पुढे नेता येत नसे. ‘जकात’ वापरून पाहिला, परंतु तो कर झाला. ‘बाजारहक्क’ म्हणावे, तर सक्ती, म्हणजे खरा गाभाच, निसटतो. नव्याने घडवलेला संस्कृत शब्द शक्यतो नको आहे. मराठेशाहीच्या कागदपत्रांत बंदर किंवा पेठेच्या संदर्भात अशा सक्तीच्या उतरवणीसाठी एखादा शब्द कोणाला आढळला आहे का?