एडिटिंग आणि साउंड दोन्ही एकट्यानं करताना काम कुठं अडतं?

कट_टू_कट:
90 मिनिटांच्या फिल्मचं एडिटिंग संपत आलंय, साउंडही मीच करणार आहे. दोन प्रश्न. सगळं एडिटिंगच्या टाइमलाइनवरच मिक्स करावं की प्रो टूल्समध्ये (साउंडचं वेगळं सॉफ्टवेअर) न्यावं? आणि चाचणीला नेलं तेव्हा सुरुवात जुळली, पण शेवटी आवाज साधारण साडेपाच सेकंद सरकलेला होता. असं का? पुढं दोन्ही कामं करत राहायचा विचार आहे, म्हणून सवयही आत्ताच नीट लावायची आहे.

बूमवाला:
साडेपाच सेकंद म्हटल्यावर उत्तर जवळजवळ मिळालंच. 24 आणि 23.976 या फ्रेम रेटमध्ये (सेकंदाला किती चित्रं) 0.1 टक्क्याचा फरक आहे, म्हणजे तासाला 3.6 सेकंद आणि 90 मिनिटांना 5.4. टाइमलाइन एका रेटची आणि साउंडचं सेशन दुसऱ्या रेटचं उघडलंय. आवाज ताणून बसवू नका. सेशनचा फ्रेम रेट बदला आणि गाइड व्हिडिओ (साउंड करताना समोर ठेवायची चित्राची प्रत) पुन्हा काढा. पहिल्यापासून शेवटपर्यंत सारखाच फरक असता तर स्टार्ट टाइमकोड (पहिल्या फ्रेमवरचा वेळेचा आकडा) चुकला असता. हळूहळू वाढणारा फरक रेटचाच.

यापुढं गाइड व्हिडिओवर टाइमकोड छापून घ्या, आणि पहिल्या फ्रेमच्या बरोबर 2 सेकंद आधी एका फ्रेमचा 1 किलोहर्ट्झचा बीप ठेवा. तसाच एक शेवटच्या फ्रेमनंतर 2 सेकंदांनी. पुढचा बीप जुळला आणि मागचा हुकला, तर फिल्म पूर्ण न बघताच दोष कळतो.

फेडर_खाली:
छोटी फिल्म असेल तर टाइमलाइनवर भागतं. 90 मिनिटांना नाही. रिझॉल्व्ह या सॉफ्टवेअरमध्ये एडिट करत असाल तर फेअरलाइट हा त्याचा साउंडचा भाग त्याच प्रोजेक्टमध्ये आहे, एएएफची (टाइमलाइन दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेणारी फाइल) कटकटच नाही. नाहीतर एएएफ काढा: 48 किलोहर्ट्झ, 24 बिट, आणि प्रत्येक क्लिपला दोन्ही बाजूंना निदान 2 ते 5 सेकंदांचे हँडल, म्हणजे कटच्या पलीकडचा जादा आवाज. हँडल नसले तर फेड ओढायला मागे आवाजच उरत नाही, आणि दोन वाक्यांमधली हवा अचानक तुटते. काढण्याआधी नेस्ट केलेल्या (एका टाइमलाइनमध्ये क्लिपसारख्या टाकलेल्या) सिक्वेन्स मोडा, त्या पलीकडे एकसंध फाइल होऊन जातात. एडिटमध्ये लावलेले इफेक्ट पलीकडे येतील असं धरून चालू नका.

आणि ट्रॅकची शिस्त एडिटच्या पहिल्या दिवसापासून: संवाद, इफेक्ट, संगीत वेगळे. सगळं जिथं जागा दिसेल तिथं टाकलं तर शेवटी संवाद, संगीत आणि इफेक्टचे स्टेम (प्रत्येकाचा वेगळा मिक्स) काढताना दोन दिवस नुसती वेचणी करावी लागते. रूमटोन (कुणी बोलत नसतानाचा जागेचा आवाज) प्रत्येक लोकेशनचा 30 ते 60 सेकंद असावा, तोही सगळी माणसं आत असताना, माइक त्याच जागी ठेवून.

बूमवाला:
एकट्या माणसाची खरी अडचण मात्र तांत्रिक नाही. लॉक, म्हणजे आता कट बदलायचा नाही, हा शब्दच उरत नाही. साउंड करताना एखादा शॉट सहा फ्रेम लांब वाटतो, हातात दोन्ही सॉफ्टवेअर असतात, आणि माणूस कापतो. त्या सहा फ्रेमनी पुढचे सगळे फोली (चित्र बघून नंतर केलेले पावलं-हालचालींचे आवाज), सगळं संगीत सरकतं. कापायचंच असेल तर बदल साठवा, जुना-नवा गाइड शेजारी ठेवा आणि एकदाच कन्फॉर्म करा, म्हणजे साउंड नव्या कटशी जुळवून घ्या.

शांत_ट्रॅक:
एक राहिलं. एडिटरला संवाद पाठ झालेले असतात. त्यामुळं ते पुसट असले तरी त्याला ऐकू येतात, आणि मिक्समध्ये संगीत वर चढतं. फिल्म कधीच न पाहिलेल्या माणसाला चित्राशिवाय एक रीळ (फिल्मचा एक भाग) ऐकवा आणि न कळलेले शब्द लिहून घ्यायला सांगा. ऐकण्याची पातळीही ठरलेली ठेवा. मोठ्या मिक्स थिएटरमध्ये पडद्यामागचा प्रत्येक स्पीकर 85 डेसिबलला लावतात, छोट्या खोलीत त्याहून कमी. रोज नॉब फिरवला तर रोज वेगळा मिक्स होतो.

करिअरचं म्हणाल, तर हॉलिवूडचे एडिटर आणि साउंड डिझायनर वॉल्टर मर्च यांना 1997 च्या ऑस्करमध्ये एकाच फिल्मसाठी एडिटिंग आणि साउंड दोन्ही मिळालं. पण साउंडचं पारितोषिक आणखी तिघांबरोबर होतं. निदान अंतिम मिक्सला तरी दुसरे कान घ्या, आणि शोरील (कामाच्या नमुन्यांचे व्हिडिओ) दोन वेगळे ठेवा. साउंडचं काम देणारा माणूस तुमचे कट बघत बसत नाही.