पलंगावर आजी पेरणारं पोरगं : आपल्या घरातलं की नुसतं थोतांड?

बायपासवाला: काल रात्री अमेरिकी दिग्दर्शक डेव्हिड लिंचची १९७० ची 'द ग्रँडमदर' ही शॉर्ट फिल्म पाहिली. ३४ मिनिटांची, संवाद जवळजवळ नाहीतच. लेकरू अंथरुणात मुततं म्हणून बाप त्याचं तोंड त्या डागावर घासतो. आईबाप बोलत नाहीत, कुत्र्यागत भुंकतात. मग पोरगं वरच्या खोलीतल्या पलंगावर मातीचा ढीग घालतं, बी पेरतं, पाणी घालतं अन् त्या झाडातून आजी जन्मते! यात विचित्र काय? आमच्या बीड बायपासच्या फ्लॅटमध्ये हेच चाललंय. आज्जी गावाकडं, आम्ही इथं, अन् पोरगं रोज विचारतं, "कधी येणार?"

दुबार_पेरणी: राव, पलंगावर आजी उगवली अन् आमचं सोयाबीन काळ्या रानात उगवंना. वाण कोणतं होतं तेवढं सांगा 😀 गोष्ट सांगता येईना की 'अतिवास्तव' म्हणायचं, झालं. आमच्या बापानं रपाटे घातले, पण भुंकला नाही.

बायपासवाला: बाप रागात काय बोलायचा, शब्द आठवतात? मला एकही नाही. नुसता आवाज.

दुबार_पेरणी: ...हे खरंय. तरी ३४ मिनिटं लई होतात.

गोदाकाठ: रंगाचं कुणी बोललंच नाही. लिंच मूळचा चित्रकार. फिलाडेल्फियातल्या राहत्या घराच्या भिंती काळ्या रंगवल्या, नटांचे चेहरे पांढरे. त्या अंधारात तो पिवळा डाग कसा डोळ्यात घुसतो बघा.

एनसातची_सून: डागाचं मी सांगते. सिनेमात अंथरूण लेकरू ओलं करतं, आमच्याकडं सासूबाई करायच्या. दोन वर्षं. नळाला पाणी आठवड्यानं, ड्रममधलं मोजून घ्यायचं अन् चादर रोज धुवायची. तेव्हा "आज्जी पाहिजे" म्हणणारे सगळे ऑफिसात. त्या फिल्ममधल्या आजीला स्वतःचं काही आहे का? लेकराला जीव लावायला उगवली अन् मेली. पेरायला सगळेच तयार असतात हो.

बायपासवाला: ताई, ती लेकराच्या नजरेनं केलेली फिल्म आहे. त्याला आजीचं वेगळं आयुष्य कुठून दिसणार?

एनसातची_सून: त्याला नसेल दिसत. तुमचं वय काय, भाऊ?

दुबार_पेरणी: आजी तडफडती म्हणून पोरगं आईबापाला बोलवायला पळतं अन् ते दोघं हसतात. मी तिथंच बंद केली. परत लावणार नाही.