सप्तार जमिनीवर कसा आखतील? (काल्पनिक जगातलं सर्वोच्च चिन्ह)

शाईदौत:
कादंबरीतल्या जगात जादू मंत्राने होत नाही, आखून होते. त्रिकोण, चौकोन, षट्कोन ही रोजच्या वापरातली चिन्हं. सगळ्यांच्या वर 'सप्तार': वर्तुळात बसवलेला सात टोकांचा तारा. तो पुरा झाला की आत बसलेल्याचा शब्द खरा होतो. साधनं दोनच, खुंटी आणि दोर; रेघेला राख. मोजपट्टी, कोनमापक त्या जगात नाहीत. वर्तुळाची त्रिज्या साधारण ३ मीटर धरली आहे.
दोन प्रश्न. हा तारा ते आखतील कसा? आणि इतकं ताकदवान चिन्ह असताना जो तो तेच का काढत नाही? 'फार अवघड असतं' एवढ्यावर वाचक ऐकणार नाही. जाणकारांनी मदत करावी.

गुण्या:
दुसऱ्याचं उत्तर पहिल्यातच आहे. ताऱ्याची सात टोकं म्हणजे समसप्तकोनाचे (सात सारख्या बाजू, सात सारखे कोन) कोपरे, आणि नुसत्या खुंटी-दोराने तो अचूक काढताच येत नाही. त्रिकोण, चौकोन, पंचकोन, षट्कोन येतात. सतरा बाजूंचाही येतो, हे जर्मन गणिती गाउसने १७९६ मध्ये दाखवलं. सातचा येत नाही, याची सिद्धता फ्रेंच गणिती वाँत्सेलची, १८३७ ची. म्हणजे तुमच्या जगात सगळे जण 'जवळपास सप्तार' काढतात. खरा कुणालाच जमलेला नाही. यापेक्षा चांगला नियम बसून रचता आला नसता!

जवळपासचा असा काढतात: मध्यखुंटी 'म' ठोकून वर्तुळ फिरवा. परिघावर 'अ' ही खूण करा. तोच दोर, तेवढीच लांबी, 'अ'पासून दोन्ही बाजूंना परिघावर टेकवा; 'ब' आणि 'क' मिळतील. ब-क दोर ताणा. तो म-अ रेषेला जिथे छेदतो तिथपासून 'ब'पर्यंतचं अंतर ही सप्तकोनाची बाजू. ती परिघावर सात वेळा टाकत जायची.

३ मीटर त्रिज्येला ही बाजू २.५९८ मीटर येते, हवी २.६०३. फरक फक्त ५ मिलिमीटर, पहिल्या दोन-तीन खुंट्यांना कळतही नाही. पण तो साठत जातो, आणि सातवं पाऊल पहिल्या खुंटीच्या ४ सेंटिमीटर अलीकडे पडतं. सप्तार मिटत नाही. त्या फटीतून काय आत येतं ते तुम्ही ठरवा.

दोराची भानगड वेगळीच. पिळाचा सुती दोर दवाने भिजला की आखडतो. वर्तुळ संध्याकाळी कोरड्या दोराने आखलं आणि बाजू पहाटे ओल्या दोराने टाकल्या, तर अर्ध्या टक्क्याच्या आखडण्याने फट ४ वरून १४ सेंटिमीटरवर जाते. एकाच बैठकीत, एकाच ओढीने काम झालं पाहिजे.

तिरकी रेघ:
खुंट्या झाल्या, पण तारा कोणता? सात टोकांचे दोन निघतात. एक टोक सोडून जोडलात तर टोकाचा कोन ७७ अंश, दोन सोडून जोडलात तर जेमतेम २६. दुसरा दिसायला धारदार. क्रम १-४-७-३-६-२-५-१, हात न उचलता पुरा होतो. मधला सप्तकोन मात्र लहान: ३ मीटरच्या वर्तुळात केंद्रापासून कोपऱ्यापर्यंत ७४ सेंटिमीटर. एक माणूस मांडी घालून बसेल, दुसऱ्याला जागा नाही. पहिल्या ताऱ्यात हेच अंतर २ मीटरच्या वर जातं, म्हणजे अख्खी टोळी आत. सर्वोच्च चिन्ह एकट्याचंच असावं, माझं मत दुसऱ्याला.

त्याचा तोटा टोकांत. रेघ २ सेंटिमीटर रुंद असेल तर टोकाशी दोन रेघा एकमेकींत मिसळून साधारण ९ सेंटिमीटरचा राखेचा गठ्ठा होतो. चिमटीतून सोडताना टोकाकडे रेघ बारीक करत न्यायची. वर्तुळासकट एकूण रेघ सुमारे ६० मीटर भरते. २ मिलिमीटर जाडीला अडीच लिटर राख, सांडलवंड धरून तीन. मधेच राख संपली तर काय, हा प्रसंग फुकट मिळतोय, सोडू नका.

आडवारा:
श्रीयंत्र जसंच्या तसं उचलून जादूचं हत्यार करू नका. ते पूजेतलं आहे. अवघडपणा कुठून येतो ते मात्र त्यात बघण्यासारखं आहे. चार ऊर्ध्वमुख, पाच अधोमुख, असे नऊ त्रिकोण एकमेकांतून जाऊन ४३ लहान त्रिकोण होतात. एका पारंपरिक रीतीत व्यासाचे ४८ भाग करून ६, १२, १७, २०, २३, २७, ३०, ३६, ४२ वर आडव्या रेघा घेतात. तीन रेघा एकाच बिंदूत मिळायला हव्यात अशा जागा बऱ्याच. एक रेघ सरकवून एक जागा जुळवली की दुसरी सुटते. सप्तारात चूक शेवटी एकदाच दिसते, इथे ती आतभर पसरते.

शाईदौत:
फट लपवता येईल का? खलनायकाला लागेल.

गुण्या:
येईल. ४ सेंटिमीटर सातांत वाटायचे: दुसरी खुंटी ६ मिलिमीटर पुढे, तिसरी १२, असं करत सातवी ३५. डोळ्याला तारा निर्दोष. आणि खरा सप्तार कुणाला द्यायचाच असेल तर वाटही आहे: दोन खुणा कोरलेली काठी. बिनखुणेच्या पट्टीने जे होत नाही ते खुणेची काठी सरकवत, फिरवत बसवून अचूक करता येतं, सप्तकोन त्यातलाच. तुमच्या जगात मोजपट्टी का नाही, याचं कारणही मग हेच ठेवा: कुणीतरी ती बंद केली आहे.