मदत हवी आहे: जुन्या जांभ्याच्या घरातील खिडक्यांना कापडी शेड कोणती बसवावी?

वेळणेश्वरकर
नमस्कार. गावच्या घरातील तीन खिडक्यांना कापडी शेड बसवायच्या आहेत. रोमन (घड्या पडत वर जाणाऱ्या) घ्याव्यात की रोलर (नळीवर गुंडाळल्या जाणाऱ्या), आणि कापड सुती असावे की लिनन, एवढेच विचारायचे आहे. खिडक्या साधारण साडेतीन फूट रुंद व साडेचार फूट उंच आहेत. तीन वर्षांपूर्वी एका दुकानातून तयार रोलर शेड आणल्या होत्या. पहिल्याच पावसाळ्यात त्यांची स्प्रिंग गंजून अडकली आणि कापडावर काळे ठिपके पडले, ते धुऊनही गेले नाहीत, त्यामुळे तसले पुन्हा नको. शिंपी सोमवारी मापे मागतो आहे, म्हणून कृपया लवकर उत्तर द्यावे.

फणसाची चौकट
मापे देण्याआधी काही गोष्टी कळायला हव्यात. खिडकीची दारे आत उघडतात की बाहेर? भिंत किती जाड आहे आणि चौकट भिंतीच्या बाहेरच्या अंगाला बसवली आहे की आतल्या? तावदाने काचेची आहेत की नुसत्या लाकडी फळ्या? खिडक्या कोणत्या दिशेला आहेत? जुन्या घरांत शेडचा प्रकार कापडावरून नव्हे, तर दारावरून ठरतो.

मूळचा गुहागरचा, सध्या पुणे
मी फ्लॅटमध्ये ब्लॅकआउट, म्हणजे उजेड पूर्ण अडवणारे, अस्तर लावलेल्या रोमन शेड बसवल्या आणि त्या अतिशय समाधानकारक आहेत. तीन पदरी अस्तर घ्या, खोली लवकर गार होते आणि एसीवरचा ताण स्पष्टपणे कमी होतो. शेड चौकटीच्या आत न बसवता भिंतीवर, दोन्ही बाजूंनी चार-चार इंच जास्त घेऊन बसवा, म्हणजे कडेने उजेड येत नाही.

वेळणेश्वरकर
घरात एसी नाही. काचही नाही, लाकडी दारे आहेत, ती आत उघडतात आणि बाहेरच्या बाजूला उभे गज आहेत. हे सर्व जुन्या घरांत असतेच, म्हणून लिहिले नव्हते. खिडक्या पश्चिमेच्या आहेत. आईचे मोतीबिंदूचे ऑपरेशन नुकतेच झाले आहे आणि ती दुपारी माजघराशेजारच्या खोलीत आडवी होते. चार वाजल्यानंतर ऊन पडवीच्या छपराखालून थेट तिच्या उशीवर येते. दारे लावून घेतली तर वारा बंद होतो आणि मेच्या उकाड्यात ती घामाघूम होते. ऊन अडावे आणि वारा यावा, अशी शेड हवी आहे. आता तरी रोमन की रोलर ते सांगावे.

फणसाची चौकट
खरा प्रश्न आता कळला. दारे आत उघडत असतील आणि ती उघडी ठेवूनच शेड खाली सोडायची असेल, तर आधी दाराचा फेरा पाहावा लागेल. समजा भिंत १८ इंचांची आहे आणि चार इंच जाडीची चौकट बाहेरच्या अंगाला आहे, तर आत १४ इंच उरतात. साडेतीन फुटी खिडकीचे एकेक दार सुमारे २० इंचांचे असते, म्हणजे काटकोनात उघडल्यावर ते भिंतीबाहेर सहा इंच खोलीत येते. भिंतीवर लावलेली शेड त्या दारांच्या कडांवर टेकून फुगून राहील, म्हणून पुण्याच्या दादांनी सांगितलेली रीत येथे चालणार नाही. शेड दोन उघड्या दारांच्या मध्येच सोडावी लागेल. त्याचा एक फायदा आहे. दारे दोन्ही बाजूंना भिंतीसारखी उभी असल्यामुळे कडेने ऊन फारसे शिरत नाही.

रोमन शेड मात्र तेथे जमणार नाही. साडेचार फुटांची रोमन वर ओढली की तिच्या घड्यांची चळत आठ-नऊ इंच खाली लोंबते आणि रात्री दार लावताना ते त्या चळतीत अडकते. रोलरची गुंडाळी पातळ कापड असेल तर दोन इंचांच्या आत राहते. दाराचा वरचा काठ आणि भिंतीच्या जाडीतली वरची फळी यांच्यात किती फट आहे, ते मोजून सांगा.

सुईदोरा
मी गेली बरीच वर्षे पडदे शिवते, म्हणून कापडाविषयी सांगते. समुद्राजवळ लिनन घेऊ नका. सुती कापड साधारण हवेतसुद्धा आपल्या वजनाच्या सुमारे ८ टक्के ओलावा धरून ठेवते आणि लिनन त्याहून जास्त, तर पॉलिएस्टर अर्धा टक्काही धरत नाही. पावसाळ्यात गुंडाळून ठेवलेल्या सुती कापडाच्या आतल्या पदरांना वारा लागत नाही आणि बुरशी नेमकी तेथूनच सुरू होते. तुमचे काळे ठिपके गुंडाळीच्या आतल्या बाजूलाच पडले होते का, ते आठवून पाहा. सुतीच हवे असेल तर कापड आधी रात्रभर भिजवून, वाळवून, इस्त्री करून मगच बेतायला द्या. मांजरपाट पहिल्या धुण्यात इतका आटतो की फिट बसवलेली शेड नंतर तोकडी पडते.

ओटीवरून
ताई, पॉलिएस्टरविषयी मी सहमत नाही. आमच्या मालवणच्या घरी सुती पडदे कित्येक वर्षे टिकले आहेत, कारण आम्ही मृग लागण्यापूर्वी ते उतरवतो, गोड्या पाण्यातून दोनदा काढतो आणि कडकडीत वाळवून पेटीत ठेवतो. कापडावर बसलेले खारे मीठ हवेतला ओलावा ओढून घेते आणि कापड कायम दमट राहते. मीठ न काढता ठेवलेले पॉलिएस्टरही चिकट होते. दोष कापडाचा नसून निगा न राखण्याचा आहे.

सुईदोरा
निगा राखणारे घरात कायम असतील तर तुमचे म्हणणे पूर्ण खरे आहे. वेळणेश्वरकर, पावसाळ्यात घरी कोणी असते का?

वेळणेश्वरकर
आई आणि मी वर्षभर येथेच असतो. ठिपके आतल्या बाजूलाच होते, हे तुम्ही विचारल्यावर लक्षात आले.

झापवाले घर
मी शेडच लावू नका असे सांगणार आहे. खिडकीच्या आत कापड लावले की ऊन आधी घरात येते आणि मग अडते. कापड तापते आणि ती धग खोलीतच राहते. पडवीच्या वाशाला बाहेरून नारळाच्या झावळ्यांचा विणलेला झाप टांगा. ऊन बाहेरच अडेल आणि विणीतून वारा आत येईल. पावसाळ्यात आपण पडवीला पावसाच्या आडोशाची झडी बांधतोच, तीच उन्हाळ्यात चार वाजता खाली सोडायची.

मूळचा गुहागरचा, सध्या पुणे
झाप वर्षाच्या आत कुजतो आणि त्यात विंचू-किडे बसतात. ३ जून २०२० रोजी निसर्ग वादळ आले तेव्हा आमच्या पडवीत बांधलेले सर्व काही उडून अंगणात पडले होते.

झापवाले घर
त्या दिवशी कौलेही उडाली, म्हणून कोणी कौले घालायचे थांबवले नाही. झाप दरवर्षी नवा विणतात, ही त्याची रीतच आहे. आजारी माणसाच्या खोलीत गारवा हवा असेल तर ऊन बाहेर अडवण्यासारखा उपाय नाही.

वेळणेश्वरकर
झापाची सूचना चांगली आहे, पण आमच्या पडवीतून येण्याजाण्याची वाट आहे आणि आईला सध्या नीट दिसत नसल्यामुळे तेथे काही टांगायचे नाही. आज मापे घेतली. भिंत १८ इंचच आहे. फट दोन खिडक्यांना साडेतीन इंच आहे, पण आईच्या खोलीच्या खिडकीची वरची फळी मधोमध बसली आहे आणि तेथे जेमतेम एक इंच जागा आहे. नेमकी तीच खिडकी महत्त्वाची आहे.

फणसाची चौकट
दोन खिडक्यांना रोलर निश्चित करा. रुंदी वर, मध्ये आणि खाली अशी तीन ठिकाणी मोजा, त्यातली सर्वांत लहान धरा आणि दारांच्या जाडीसाठी व मोकळेपणासाठी त्यातून पाच इंच कमी करा. जुनी चौकट काटकोनात क्वचितच असते, म्हणून दोन्ही कर्णही मोजा. स्प्रिंगची रोलर घेऊ नका, प्लास्टिकच्या मण्यांच्या साखळीची घ्या. गावी येणारी लहान मुले असतील तर साखळीचा फास मोकळा लोंबू देऊ नका, तो आकड्याने भिंतीशी ताणून ठेवा.

आईच्या खिडकीला शेड नको. गज आणि दार यांच्यात किती अंतर आहे?

वेळणेश्वरकर
दीड इंच आहे.

सुईदोरा
मग काम सोपे आहे. पूर्वी कपाटाच्या काचेला आतून पडदा लावत, तसा लावा. चौकटीला वर आणि खाली अशा दोन स्प्रिंगच्या तारा ताणा, प्लास्टिकचे वेष्टन असलेल्या, आणि कापडाला दोन्ही कडांना नेफा शिवून त्या तारा त्यातून ओवा. खालची तार असल्यामुळे वाऱ्याने पडदा फडफडत नाही आणि दारे उघडी असोत वा बंद, त्याला काही होत नाही. ऊन उतरेल तेव्हा सरकवायचा, एरवी कडेला गोळा करायचा. वरचा एक फूट मोकळा ठेवा. बिछान्यावर येणारे ऊन पाच-सहा वाजता तिरपे होऊन खिडकीच्या खालच्या भागातूनच येते आणि वारा वरून येत राहतो. हा पडदा घट्ट विणीच्या, गडद हिरव्या सुती कापडाचा शिवा. तुम्ही घरी असता, दर पंधरा दिवसांनी तो काढून धुणे पाच मिनिटांचे काम आहे. रोलरसाठी मात्र पॉलिएस्टरच घ्या.

ओटीवरून
धुता येणाऱ्या पडद्याला सुती कापड, हे मलाही मान्य आहे.

वेळणेश्वरकर
आज एक जुनी हिरवी चादर दोऱ्यांनी बांधून पाहिली. वरचा एक फूट मोकळा ठेवल्यावर साडेचारला तेथून ऊन आले खरे, पण ते आईच्या पायथ्याशी पडले, उशीवर सावली होती आणि ती सहापर्यंत झोपली. दोन रोलरची मापे शिंप्याला पाठवतो आहे. तारांचे आकडे भिंतीत ठोकावेत की चौकटीत?

फणसाची चौकट
चौकटीतच लावा. जांभा भुसभुशीत असतो, त्यात प्लग धरत नाही आणि दोन महिन्यांत आकडा हातात येतो. लाकडात आधी बारीक भोक पाडा, स्क्रू साबणावरून फिरवून घ्या आणि स्क्रू व आकडे दोन्ही पितळेचे घ्या. लोखंडी घेतलेत तर खाऱ्या हवेत गंज उतरून लाकडावर काळा डाग धरेल. आईंना सांभाळा.