प्रति: कन्सोलवर काही व्हीआर खेळ का येत नाहीत?

व्हीआर, म्हणजे डोळ्यांवर हेडसेट चढवून आभासी जगात खेळायच्या खेळांच्या निर्मात्यांना कन्सोलवाल्यांची (प्लेस्टेशनसारख्या, टीव्हीला जोडायच्या यंत्रावर खेळणाऱ्यांची) पर्वा नाही, हे वरचे म्हणणे मला अर्धेच पटते. ‘हाफ-लाइफ: अ‍ॅलिक्स’ (२०२०) हा व्हीआर खेळ खुद्द स्टीम हे संगणकावरच्या खेळांचे ऑनलाइन दुकान चालवणाऱ्या व्हॉल्व्ह कंपनीचा, त्यामुळे तो कन्सोलवर न आणण्यामागचे धंद्याचे गणित उघड आहे. पण हातात धरायच्या नियंत्रकांची (कंट्रोलरची) अडचण कोणी मांडलेली दिसली नाही. २०१६च्या पीएसव्हीआर या प्लेस्टेशनच्या हेडसेटसोबत वापरल्या जाणाऱ्या ‘मूव्ह’ नावाच्या कांड्यांवर अंगठ्याने फिरवायची दांडीच नव्हती, आणि हातांची हालचाल टीव्हीजवळचा कॅमेरा कांड्यांच्या टोकावरच्या चमकत्या गोळ्यांवरून ओळखत असे. जळगावला मामेभावाकडे आम्ही भर दुपारी पडदे ओढून खेळायचो, कारण खिडकीतून ऊन आले की कॅमेऱ्याला गोळ्यांचा प्रकाश नीट दिसत नसे. टीव्हीकडे पाठ केली तर कांड्या अंगाआडच जात. ज्या खेळात चौफेर वळून मागच्या फळीवरची वस्तू उचलायची असते, तो अशा यंत्रावर आणायचा म्हणजे त्याची मांडणीच नव्याने करावी लागते, आणि छोट्या चमूला तो खर्च झेपत नाही.

२०२३च्या पीएसव्हीआर२मध्ये कॅमेरे हेडसेटवरच आले, दांड्याही आल्या. मात्र जुन्या हेडसेटचे खेळ त्यावर जसेच्या तसे चालत नाहीत.